शेणखत घातलं आणि मोगरा करपला? या चुका टाळा

मे महिन्याचा शेवटचा आठवडा. गल्लीच्या टोकाला दूधवाल्याचा गोठा आहे, तिथून दोन घमेली शेण आणलं. वरून काळं, कोरडं दिसत होतं, म्हणून तयारच आहे असं धरून गच्चीवरच्या मोगऱ्याच्या बुंध्याशी थापलं आणि पाणी सोडलं. चौथ्या दिवशी पानांच्या कडा तपकिरी झाल्या, आठव्या दिवशी शेंड्यांनी माना टाकल्या. गमल्यात बोट घातलं तर माती कोमट, आणि वास असा की डोळ्यांत पाणी यावं. सासूबाई म्हणाल्या, "अगं, तो तहानेला होता आणि तू त्याला पुरणपोळी कोंबलीस."

वरची साल वाळली म्हणून शेण कुजलं असं होत नाही. आत ते तापत असतं, अमोनिया सोडत असतं, आणि गमल्यात मुळांना पळायला जागा नसते. खरं तर आम्हा इंदूरकरांनी ही चूक करूच नये. 1924 ते 1931 या काळात अल्बर्ट हॉवर्ड हे इंग्रज शेतीशास्त्रज्ञ इथे काम करत होते. यशवंत वाड या सहकाऱ्याबरोबर त्यांनी जी खतपद्धत बसवली, ती जगभर 'इंदूर पद्धत' म्हणून गेली. शेण, काडीकचरा, गोठ्यातली मूत मुरलेली माती आणि थोडी राख यांचा ढीग ओलसर ठेवायचा, मधूनमधून पलटायचा आणि साधारण तीन महिने थांबायचं. यातलं थांबणंच आपल्याला जमत नाही.

खत पिकलंय की नाही, हे मी आता मेथीला विचारते. वाटीभर खत, तेवढीच माती, वर दहा-बारा मेथीदाणे. पाच-सहा दिवसांत बहुतेक दाणे हिरवेगार उगवले तर खत वापरायचं. मोडच आले नाहीत किंवा कोंब पिवळे पडले, तर आणखी महिनाभर झाकून ठेवायचं. घाई असेल तर मूठभर ओलसर खत प्लास्टिकच्या पिशवीत बांधून तीन दिवसांनी हुंगा. पावसाच्या पहिल्या सरीसारखा वास हवा, गोठ्याचा नको.

झाड आधीच भाजलं असेल तर वरचं खत खरवडून काढा. खालच्या भोकातून पाणी वाहेपर्यंत दोन-तीनदा भरपूर पाणी द्या आणि गमला सावलीत सरकवा. तीन आठवडे काहीही खाऊ घालू नका. करपलेले शेंडे लगेच छाटायची घाईही नको, नवी फूट दिसली की मग कात्री.

शेणखतातली पांढरी, जाडजूड, इंग्रजी सी सारखी वळलेली अळी पाहून पुष्कळ जण दचकतात. ती कुणा भुंग्याची. ढिगात ती कुजकं खाते, पण गमल्यात तेवढं कुजकं नसलं की मुळांवर येते. औषध टाकू नका. खत पोत्यावर पसरून तासभर गच्चीवर ठेवा, साळुंक्या उरलेलं काम करतात.

आता बोनमील, म्हणजे हाडांचा चुरा. आमच्या घरी तुळशीजवळ तो येऊच शकत नाही आणि गणपतीच्या जास्वंदीला घातला तर सासूबाई फूल तोडणार नाहीत. पण धर्म बाजूला ठेवला तरी मी तो घेत नाही, कारण इथली, म्हणजे माळव्याची काळी माती. तिचा सामू (पीएच, म्हणजे आम्लतेचं माप) बहुधा 7.5 ते 8.5. बोनमीलमध्ये स्फुरद (फॉस्फेट) 20 टक्क्यांच्या वर असतं हे खरं, पण ते विरघळायला माती आम्ल लागते. सामू सातच्या वर गेला की चुरा वर्षानुवर्षं तसाच पडून राहतो. वर भुरभुरवला तर आणखीच वाया, कारण स्फुरद मातीत जागचं हलत नाही. फायदा होतो तो गल्लीतल्या कुत्र्यांचा आणि उंदरांचा, रात्रीत गमला उकरून ठेवतात.

याच मातीमुळे आणखी एक घोटाळा होतो. जास्वंदीची नवी पानं पिवळी आणि शिरा तेवढ्या हिरव्या दिसल्या की आपण आणखी खत ओततो. ती भूक नसते. त्या मातीत, बोरिंगच्या जड पाण्यावर, झाडाला लोह घेता येत नाही. जास्तीच्या स्फुरदाने ते आणखी अडतं. लिटरभर पाण्यात अर्धा चमचा हिराकस (फेरस सल्फेट) आणि दोन-चार थेंब लिंबू घालून संध्याकाळी पानांवर फवारा. पावसाचं पाणी साठवता आलं तर उत्तमच. पिवळेपणा खालच्या जुन्या पानांपासून चढत असेल, तेव्हा मात्र नत्र (नायट्रोजन) कमी आहे असं समजा आणि खत द्या.

कोंबडीखताचं मोजमाप शेणखतासारखं धरू नका. शेणखतात नत्र जेमतेम अर्धा टक्का, सुक्या कोंबडीखतात त्याच्या पाच-सहा पट. बारा इंची गमल्याला पिकलेलं शेणखत किंवा गांडूळखत दीड महिन्याला दोन मुठी चालतं. कोंबडीखत अर्धी मूठ, तेही तीन महिन्यांतून एकदा आणि पिकवूनच. जास्त झालं तर जास्वंद पानांनी फुगते, कळी धरत नाही, आणि कोवळ्या फुटीवर मावा बसतो. मे महिन्यात ते देऊच नये. श्रावणात दिलेलं पाण्याबरोबर खाली वाहून जातं.

कोथिंबीर, पालक, मुळा यांना कच्चं शेण किंवा त्याचं पाणी नको. त्यातले जंतू थेट ताटात येतात. कुत्र्या-मांजराची विष्ठा तर पिकवूनही भाजीला नाही. हाताला चिरा असतील तर हातमोजे घाला, आणि धनुर्वाताची सुई शेवटची कधी घेतली ते आठवून बघा.

जीवामृत (शेण-गोमूत्रात गूळ आणि बेसन आंबवून केलेलं पातळ खत) केलंत तर आठवडाभरात संपवा, गमल्याला दहापट पाणी घालूनच द्या, आणि झाकण घट्ट लावू नका. गूळ आणि बेसन आंबताना वायू होतो. मी ते कोल्ड्रिंकच्या बाटलीत भरून गॅलरीच्या कठड्यावर ठेवलं होतं. दुसऱ्या दिवशी भर दुपारी बूच उडालं. खालच्या मजल्यावरच्या वहिनींचे उडदाचे पापड वाळत होते. सगळे पुन्हा लाटून द्यावे लागले.