पोनीची गोष्ट घरच्या घरी: नुकतं वाचायला लागलेल्या मुलांसाठी छोटं पुस्तक कसं लिहायचं

माझी भाची सहा वर्षांची, नुकतीच अक्षरं जुळवून वाचायला लागलेली, आणि डोक्यात दिवसभर फक्त पोनी. म्हटलं आपणच तिला एक छोटं पुस्तक लिहून देऊ, सोळा पानांचं तर लिहायचंय, त्यात काय एवढं. पहिल्या प्रयत्नात माझा पोनी बोलायचा. "धन्यवाद मित्रा, तू माझी किती काळजी घेतोस" वगैरे. भाची 'न्य' वर बोट ठेवून बसली, मग 'मित्रा' ला अडली, आणि शेवटी पुस्तक मिटून मलाच विचारते, "पण याला पाणी कोण देतं?"

बरोबर होतं तिचं. अख्ख्या पुस्तकात 'काळजी' चार वेळा आणि पाण्याची बादली एकदाही नाही.

मग सगळं फाडून परत लिहिलं. त्यात जे कळलं ते इथे क्रमाने देते, तुम्हालाही घरच्या मुलासाठी किंवा शाळेतल्या वर्गासाठी असं काही करायचं असेल तर.

१. आधी पोनी नीट समजून घ्या

पुस्तकात यातलं फार थोडं येणार आहे, पण तुम्हाला माहीत नसेल तर चित्रात आणि वाक्यात चुका होतात आणि पोनीवेडी मुलं त्या पकडतातच.

सगळ्यात नेहमीची चूक म्हणजे पोनी हे घोड्याचं पिल्लू समजणं. घोड्याचं पिल्लू म्हणजे शिंगरू, ते मोठं होऊन घोडा होतं. पोनी म्हातारा झाला तरी पोनीच. फरक मुख्यतः उंचीचा, आणि ती डोक्यापर्यंत मोजत नाहीत, मान संपून पाठ सुरू होते तिथल्या उंचवट्यापर्यंत मोजतात. आंतरराष्ट्रीय स्पर्धांच्या नियमात नाल नसताना १४८ सेंटीमीटरपर्यंत पोनी, नाल ठोकलेला असेल तर १४९. शेटलँड पोनी तर जास्तीत जास्त १०७ सेंटीमीटर, म्हणजे तो उंचवटा सहा वर्षांच्या मुलाच्या डोक्याच्याही थोडा खालीच. बांधाही वेगळा असतो, पाय आखूड, अंग रुंद, आयाळ दाट. बारीक उंच घोडा काढून तो नुसता लहान केला की पोनी होत नाही.

खाण्याचं बघा. दिवसाला वजनाच्या साधारण दीड ते दोन टक्के वाळकी वैरण लागते, म्हणजे २०० किलोच्या पोनीला ३ ते ४ किलो. पोट शरीराच्या मानाने लहान, त्यामुळे थोडं थोडं आणि दिवसभर खाणं हाच त्याचा स्वभाव. त्याला उलटी करता येत नाही, चुकीचं पोटात गेलं की गेलं. म्हणून मुलांनी खिशातला खाऊ भरवायचा नाही हे आधीच ठरवून टाका. कापून ढीग केलेली लॉनची हिरवळही नको, ती पोटात आंबते आणि जिवावर बेतू शकतं. एरवी कुरणातलं गोडसर कोवळं गवत किंवा दाणा जास्त झाला तरी पोनीच्या खुरांना आतून सूज येते आणि त्याला पाय टेकवेना होतं. पोनींमध्ये हा त्रास खूप दिसतो, त्यामुळे "लाडाने जास्त भरवलं" हे पुस्तकात प्रेम म्हणून दाखवू नका प्लीज.

पाणी अशा पोनीला दिवसाला साधारण १० लिटर लागतं, उन्हाळ्यात आणखी. हा आकडा लक्षात ठेवा, पुढे गोष्ट यावरच उभी राहणार आहे.

बाकी रोजची कामं म्हणजे खरारा करणं (अंग ब्रशने घासणं), खुरातली माती आणि खडे काढणं, लीद उचलणं. नाल ठोकणारा नालबंद साधारण सहा ते आठ आठवड्यांनी लागतो आणि दात वर्षातून एकदा डॉक्टरला दाखवायचे. हे सगळं मुलाने करायचं नसतं. सहा वर्षांचं मूल बादली भरेल, मोठं माणूस शेजारी असताना ब्रश फिरवेल, लीद गोळा करायला हात लावेल. मागचा खूर उचलणं हे मोठ्यांचंच काम, पुस्तकातसुद्धा.

२. शब्दांची पेटी भरा

इथे माझी खरी शाळा झाली. मराठीत नवीन वाचणाऱ्याला जोडाक्षर म्हणजे रस्त्यातला स्पीडब्रेकर. आणि मैत्रीवर पुस्तक लिहायला बसल्यावर कळतं की मैत्री, मित्र, मैत्रीण या तिन्हीत 'त्र' आहे. दोस्त म्हणावं तर 'स्त', गट्टी म्हणावं तर 'ट्ट'. म्हणजे मैत्रीच्या पुस्तकात मैत्री हा शब्दच लिहिता येत नाही! आधी वैतागले, पण नंतर वाटलं बरंच झालं, आता ती कामातूनच दाखवावी लागणार. 'जबाबदारी' गंमत म्हणजे जोडाक्षराशिवाय लिहिता येतो, पण तोही पेटीत टाकू नका, पाच अक्षरं वाचून होईपर्यंत मूल गोष्ट विसरतं.

आता दुसरी खोच. शब्द सोपा असून भागत नाही, विभक्ती लागल्यावर तो सोपा राहतो का ते बघावं लागतं. 'घोडा' सोपा, पण 'घोड्याला' झालं की 'ड्या' आला. 'पोनी' चं 'पोनीला', काही बिघडत नाही. 'तबेला' चं 'तबेल्यात' होतं, त्यापेक्षा 'पागा' घ्या, 'पागेत' किती सरळ. 'पाणी' ठीक, 'पाण्यात' नको. 'पितो' चालेल, 'प्यायला' नको, म्हणून सगळी गोष्ट शक्यतो चालू काळात लिहा. आणि 'त्याला', 'तिच्या' ही जोडाक्षरं तर आपल्याला दिसतसुद्धा नाहीत इतकी सवयीची असतात, तिथे सरळ नाव परत लिहा. मोठ्यांना तेच तेच वाटेल, मुलाला मात्र ओळखीचा शब्द परत भेटला की जोर येतो.

माझ्या पेटीत हे होतं: पोनी, पागा, गवत, पाणी, बादली, कडी, कान, मान, जड, कोरडी, खाली, नंबर. पोनीचं नाव बदाम, मुलं रमा आणि अमन. पोनीला नाव दिलं की तो पोनी की ती पोनी की ते पोनी हा घोळही मिटतो.

'खरारा' हा वाचायला फार गोड शब्द आहे, खुसखुशीत एकदम, पण माझ्या गोष्टीत त्याला जागा नव्हती म्हणून काढला. तुमच्या गोष्टीत असेल तर नक्की घ्या.

३. एकच चूक निवडा

सगळी काळजी एका पुस्तकात कोंबली की ती गोष्ट राहत नाही, नियमांचा फलक होतो. एक चूक घ्यायची, तीही मुलाकडून खरंच होईल अशी. फाटक उघडं राहिलं, ब्रश पावसात राहिला, पाणी द्यायचं विसरलं. मी पाणी घेतलं कारण बादलीच्या वजनात दोन मुलांची मैत्री आपोआप बसते. १० लिटर पाणी म्हणजे १० किलो, सहा वर्षांच्या मुलाच्या साधारण निम्म्या वजनाएवढं, एकट्याने उचलणारच नाही. दोघांनी मिळून अर्धी अर्धी बादली नेत फेऱ्या मारायच्या, किंवा भांडत बसायचं आणि पोनी तहानलेला. म्हणजे मैत्री इथे गरजेपोटी येते, कुणी उपदेश केला म्हणून नाही.

आणि पोनीला बोलायला लावू नका. पोनी न बोलता भरपूर सांगतो. कान पुढे असले तर लक्ष आहे, मागे चपटे टेकवले तर राग आहे. दोन घोड्यांची दोस्ती असली की ते उलटसुलट तोंडं करून उभे राहतात आणि एकमेकांचा मान संपते तिथला तो उंचवटा दातांनी हळूच खाजवतात. माणसानेही तिथेच हाताने खाजवलं तर बरेच पोनी मान लांब करून ओठ हलवत बसतात. असं एक चित्र टाकलं की "तू माझा लाडका" लिहायची गरज पडत नाही.

४. पानं पाडा

चार एफोर कागद मधोमध दुमडले की सोळा पानं होतात. पुढचं-मागचं कव्हर सोडा, एक पान मोठ्यांसाठी, एक कोरं, उरली बारा. आधी बोटभर चौकोन आखून त्यात कच्चं लिहा. माझं शेवटी असं झालं:

हा बदाम. बदाम पोनी आहे. /
ही रमा. हा अमन. रमा गवत देते. अमन पाणी देतो. /
बदाम गवत खातो. कचर कचर. /
आज बदाम खात नाही. मान खाली. कान खाली. /
रमा बादली बघते. बादली कोरडी! /
आज कुणाचा नंबर? अमनचा. /
अमन विसरला. /
रमा रागावते. अमन काहीच बोलत नाही. /
रमा बादली भरते. बादली जड. हलत नाही. /
अमन कडी धरतो. रमा कडी धरते. हळू... हळू... /
बदाम पाणी पितो. खूप वेळ पितो. /
बदाम कान टवकारतो. उद्या कुणाचा नंबर?

सगळे मिळून ७२ शब्द. "अमन विसरला" एकटंच ठेवलंय पानावर, मुद्दाम, तिथे मूल थांबतं आणि चित्रातल्या अमनच्या तोंडाकडे बघतं. माफी मागायला लावली नाही, तो येऊन कडी धरतो तेवढं पुरे. चौथं पानही उगाच नाही, पाणी कमी पडलं की घोडे वैरण खाणं खरंच कमी करतात. आणि अख्ख्या पुस्तकात एकच जोडाक्षर ठेवलं, 'उद्या' मधलं. एवढी पानं वाचून झाल्यावर एक अवघड शब्द पेलतो, उलट जमला की कॉलर ताठ होते.

लिहून झालं की मोठ्याने वाचा. जिथे तुमचीच जीभ अडखळली ते वाक्य बदला, कितीही आवडलेलं असलं तरी.

५. चित्रं

चित्रकला येत नसेल तरी चालेल, पण या जागा चुकवू नका. मूल पोनीच्या मागे उभं दाखवायचं नाही, अगदी मागचं आणि नाकासमोरचं अगदी जवळचं पोनीला दिसत नाही आणि दचकला तर लाथ बसते, म्हणून मूल खांद्याच्या बाजूला हवं. दोरी हाताला गुंडाळलेली नको, नुसती धरलेली हवी. पायात बंद बूट, चप्पल नाही. पाठीवर बसलेलं दाखवलं तर डोक्यावर हेल्मेट. गाजर देतानाचं चित्र असेल तर तळहात सपाट आणि गाजर लांब उभं चिरलेलं, गोल चकत्या घशात अडकू शकतात. मुलं वाचलेलं विसरतील पण चित्रात बघितलेलं करून बघतात.

अक्षरं मोठी आणि चित्राच्या बाहेर ठेवा. मी एका पानावर अक्षरं गवतावर लिहिली होती, हिरव्यावर काळं, कुणालाच वाचता आलं नाही.

६. मोठ्यांचं पान

हे मागच्या कव्हराच्या आतल्या बाजूला, बारीक अक्षरात. बदामने एक वेळ कमी खाल्लं आणि पाणी मिळाल्यावर ठीक झाला ही झाली गोष्ट. खरा पोनी खात नसेल, सारखा पोटाकडे वळून बघत असेल, पायाने जमीन उकरत असेल, लोळत असेल तर ती पोटदुखी असू शकते आणि ते बादलीचं काम नाही, लगेच प्राण्यांच्या डॉक्टरला फोन. हेही लिहा की पोनी पंचवीस-तीस वर्षं जगतो, कधी त्याहून जास्त, आणि त्याला एकटं करमत नाही, जोडीला दुसरा प्राणी लागतो. पुस्तक वाचून घरात "आपण पोनी आणूया" सुरू होतंच, तेव्हा हे पान कामाला येतं.

७. मुलाला वाचायला द्या आणि गप्प बसा

हे सगळ्यात अवघड आहे. अडलं की लगेच शब्द सांगू नका, पाचपर्यंत मनात मोजा. बोट कुठे थांबतंय त्यावर पेन्सिलने खूण करा. एकाच शब्दावर दोनदा खूण झाली तर तो शब्द तुमचा चुकलाय, मुलाचा नाही. माझं 'टवकारतो' असंच अडलं, पण भाचीने ते ऐकून स्वतःचे कान बोटांनी वर केले आणि म्हणाली राहू दे, म्हणून राहिलं.

दुसऱ्या वाचनानंतर शेवटचं कोरं पान आणि रंग द्या, काय काढायचं ते सांगू नका. आमच्याकडे फक्त बादली आली, काठोकाठ निळी, आणि शेजारी दोन रकाने: एकावर तिचं नाव, एकावर माझं.