चरित्र अभिनेत्याची कारकीर्द कशी अभ्यासावी

ठाण्यात गडकरी रंगायतनच्या परिसरात वावरणाऱ्या नवोदित कलावंतांनी ब्रिटिश अभिनेते जिम ब्रॉडबेंट यांची कामे कालक्रमाने पाहावीत. प्रारंभ १९८३ साली ‘ओन्ली फूल्स अँड हॉर्सेस’ या दूरचित्रवाणी मालिकेत त्यांनी रंगवलेल्या भ्रष्ट पोलीस अधिकाऱ्यापासून करावा. त्यानंतर ‘आयरिस’ (२००१) पाहावा. स्मृतिभ्रंश झालेल्या पत्नीची शुश्रूषा करणाऱ्या पतीच्या या भूमिकेसाठी त्यांना सर्वोत्कृष्ट साहाय्यक अभिनेत्याचे ऑस्कर मिळाले.

प्रत्येक प्रसंग प्रथम आवाज बंद करून पाहावा आणि खांदे, मान, हात काय करतात हे वहीत टिपावे. दुसऱ्यांदा डोळे मिटून केवळ आवाज ऐकावा. माझ्या मते, समोरचा बोलत असताना ते कसे ऐकतात, हेच सर्वांत बारकाईने पाहण्याजोगे आहे. तेच निरीक्षण मग ठाणे स्थानकाच्या फलाटावर करावे.