पुढच्या स्ट्रटचं बेअरिंग गेलंय का? आधी नीट ओळखा, मग बदला

गाडी जागेवर उभी असताना स्टेअरिंग फिरवलं की पुढच्या चाकाकडून 'टंग' असा आवाज येतोय, किंवा वळण संपल्यावर स्टेअरिंग आपोआप सरळ यायचं सोडून मधेच थांबतंय, तर स्टेअरिंग रॅकवर किंवा टायरॉडवर (स्टेअरिंगचं फिरणं चाकांपर्यंत नेणारे भाग) खर्च करायच्या आधी स्ट्रटच्या, म्हणजे शॉकअब्जॉर्बर-स्प्रिंगच्या खांबाच्या, डोक्यावरचं बेअरिंग तपासा. खूपदा असं होतं की आधी लिंक रॉड (स्टॅबिलायझर बारला जोडणारी छोटी दांडी) बदलला जातो, मग बॉल जॉइंट, मग दोनदा अलाइनमेंट होतं आणि आवाज मात्र तसाच राहतो, कारण हे बेअरिंग चाकाच्या वर, बॉनेटखाली लपलेलं असतं आणि गाडी जॅकवर चढवली की ते बरेचदा आवाजच करत नाही. माझं म्हणणं एवढंच आहे की या बेअरिंगची परीक्षा गाडीचं वजन चाकांवर असतानाच घ्यायची.

आधी हे करतं काय ते समजून घेऊ. बहुतेक छोट्या-मध्यम गाड्यांना पुढे मॅकफर्सन स्ट्रट असतो, म्हणजे शॉकअब्जॉर्बर आणि त्याच्याभोवती कॉइल स्प्रिंग असा एकच खांब, खाली नकलला (चाक ज्या भागावर बसतं आणि वळतं त्याला) बोल्ट केलेला आणि वर बॉडीच्या टॉवरमध्ये रबरी माउंटने धरलेला. तुम्ही स्टेअरिंग फिरवता तेव्हा नकलबरोबर हा अख्खा खांब फिरतो, बॉडी मात्र फिरत नाही, मग कुठेतरी फिरण्याची सोय हवी ना, ती सोय म्हणजे स्प्रिंगची वरची सीट (स्प्रिंगचं टोक टेकतं ती ताटली) आणि माउंट यांच्यामध्ये बसलेलं हे चपटं बेअरिंग. त्या कोपऱ्यातलं वजन, म्हणजे काहीशे किलो, स्प्रिंगमधून त्याच्यावर येतं आणि खड्ड्यात तर त्याहून जास्त. काही गाड्यांत बेअरिंग माउंटमध्येच दाबून बसवलेलं असतं, काहींत वेगळं निघतं. मागच्या स्ट्रटला हे नसतं, कारण मागची चाकं वळत नाहीत, आणि पुढे डबल विशबोन असेल तर तिथेही नसतं, त्या रचनेत नकल वर-खाली बॉल जॉइंटवर फिरतो आणि शॉकअब्जॉर्बर फिरतच नाही, त्यामुळे आपल्या गाडीला पुढे नक्की काय आहे ते आधी बघून घ्या.

खराब कशाने होतं? पाणी आणि धूळ हीच मुख्य कारणं. टॉवरवरची प्लास्टिकची टोपी हरवली की वरून पाणी झिरपतं, आतलं ग्रीस धुऊन जातं, गोळ्यांना गंज चढतो. गोळ्या अडकल्या की स्टेअरिंग वळताना खांबाचं खालचं टोक फिरतं पण स्प्रिंगचं वरचं टोक जागेवरच अडून बसतं, स्प्रिंगला पीळ बसत जातो आणि एका क्षणी तो झटक्यात सुटतो. तोच तो 'टंग'. आणि वळलेल्या जागीच बेअरिंग अडकून बसलं तर स्प्रिंग स्टेअरिंगला त्याच बाजूला ओढत राहते, म्हणून ते सरळ यायला कुरकुरतं. पॉवर स्टेअरिंग असल्यामुळे जडपणा हाताला फारसा कळत नाही, मोटर किंवा पंप तो झाकून टाकतो, त्यामुळे फक्त 'स्टेअरिंग हलकं आहे म्हणजे ठीक आहे' असं धरू नका.

आता तपासणी. सपाट जागेवर गाडी उभी करा, हँडब्रेक ओढा, मागच्या चाकांना ओट (ठोकळा) लावा, गिअर न्यूट्रलला किंवा ऑटोमॅटिक असेल तर पार्कमध्ये, इंजिन चालू. एका माणसाला आत बसवा आणि त्याला स्टेअरिंग अगदी सावकाश या टोकापासून त्या टोकापर्यंत फिरवायला सांगा. तुम्ही चाकाच्या कमानीतून हात घालून स्प्रिंगच्या वरच्या वेढ्यावर बाहेरच्या बाजूने बोटं नुसती टेकवा. वेढ्यांच्या मधे बोट घालायचं नाही, आणि टायर वळून हात कमानीत चिमटला जाणार नाही अशा बाजूला उभं राहायचं, आतल्या माणसाला 'थांब' म्हटलं की थांबायचं हे आधीच ठरवून घ्या. चांगल्या बेअरिंगची स्प्रिंग चाकाबरोबर एकसारखी, गुळगुळीत फिरते. खराब असेल तर ती थोडी थांबते, बोटांना तणाव जाणवतो आणि मग उडी मारते. ही उडी एकदा बोटांना कळली की शंका उरत नाही.

मग बॉनेट उघडून टॉवरच्या माउंटवर तळहात ठेवा आणि तेच परत करा, करकर किंवा खटका हाताला येतो. इथे एक गोष्ट: माउंटच्या मधोमध शॉकअब्जॉर्बरच्या रॉडवर असलेल्या मधल्या नटवरून निष्कर्ष काढू नका, काही गाड्यांत तो नट स्टेअरिंगबरोबर फिरतो, काहींत रॉड माउंटला घट्ट धरलेला असतो आणि शॉकअब्जॉर्बरची बॉडीच त्याच्याभोवती फिरते, दोन्ही बरोबर असू शकतं. दोन्ही बाजू एकमेकींशी ताडून बघा, ते जास्त उपयोगाचं. त्याच वेळी कुणालातरी गाडीचा पुढचा कोपरा दाबून सोडायला सांगा, माउंट टॉवरमध्ये वर-खाली आपटत असेल तर रबर गेलंय, बेअरिंगबरोबर माउंटही घ्यायला लागणार.

स्टेअरिंग परत येतं का हे रिकाम्या, सरळ रस्त्यावर कमी वेगात बघा. हलकेच उजवीकडे वळवून पकड सैल करा, मग तसंच डावीकडे. उजवीकडे वळवल्यावर गाडी उजवीकडेच रेंगाळते आणि डावीकडे वळवल्यावर डावीकडे, असं होत असेल तर कुठेतरी काहीतरी अडकतंय. गाडी कायम एकाच बाजूला ओढत असेल तर मात्र टायर, अलाइनमेंट किंवा धरून राहिलेला ब्रेक बघा, ते दुखणं वेगळं आहे.

यासारखेच आवाज करणारे बाकीचेही आहेत, ते वगळून घ्या. तुटलेली स्प्रिंग अगदी असाच 'टंग' करते, म्हणून टॉर्च मारून खालचा शेवटचा वेढा नीट बघा, बहुतेक स्प्रिंगा तिथेच तुटतात आणि तुकडा सीटमध्ये दडून राहतो. गाडी चालती असताना वळणावर कटकट कटकट येत असेल तर सीव्ही जॉइंट (चाकाला ताकद देणाऱ्या ड्राइव्हशाफ्टचा सांधा). छोट्या खड्ड्यांवर सरळ जाताना खडखड असेल तर पहिला संशय लिंक रॉडवर घ्या. पुढची चाकं उचलून हवेत असतानाही स्टेअरिंग तितकंच जड किंवा अडखळत असेल तर बॉल जॉइंट, स्टेअरिंग कॉलमचा जॉइंट, रॅक यांच्याकडे वळा, कारण तेव्हा बेअरिंगवर वजन फारसं नसतं.

खात्री झाली, आता बदलायचं. बेअरिंग शक्यतो दोन्ही बाजूंची एकदम बदला, आणि माउंटचं रबर जुनं असेल तर तेही, कारण सगळी मेहनत स्ट्रट काढण्यात जाते, तीच मेहनत सहा महिन्यांनी परत कशाला. मधला नट नवीन घ्या, तो सेल्फ लॉकिंग असतो. गाडीच्या मॅन्युअलमधले टॉर्कचे (कुठला नट किती जोराने आवळायचा त्याचे) आकडे आधी लिहून ठेवा, प्रत्येक गाडीचे वेगळे असतात.

आणि कामाला हात लावायच्या आधी हे डोक्यात पक्कं बसवा: स्ट्रट गाडीत असताना मधला नट काढायचा नाही, आणि बाहेर काढल्यावरही कॉम्प्रेसरने (स्प्रिंग दाबून धरणाऱ्या हत्याराने) स्प्रिंग दाबून सीटवरून मोकळी झाल्याशिवाय काढायचा नाही. तो नट दाबलेली स्प्रिंग धरून बसलेला असतो. तो निघाला की माउंट गोळीसारखं उडतं, हात, चेहरा, काहीही सापडू शकतं.

चाकाचे नट गाडी जमिनीवर असतानाच थोडे सैल करा, मग जॅक लावा आणि बॉडीखाली ठरलेल्या जागी स्टँड द्या, नुसत्या जॅकवर काम नाही. चाक काढा. ब्रेक होजचा आणि एबीएस सेन्सरच्या वायरचा ब्रॅकेट स्ट्रटवरून सोडवा, लिंक रॉड स्ट्रटला जोडलेला असेल तर तोही. आता नकल आणि स्ट्रट जिथे जुळतात तिथे पेंटने किंवा व्हाइटनरने रेघ मारून ठेवा, बोल्टच्या डोक्याभोवतीही, म्हणजे कॅम्बर (चाकाचा आत-बाहेरचा कल) बसवताना जवळपास मूळ जागा मिळते. बोल्ट गंजले असतील तर आदल्या रात्रीच गंज सोडवणारं तेल मारून ठेवा, सकाळी बरंच सोपं जातं. बोल्टच्या मानेला दाते असतील तर बोल्ट फिरवू नका, तो धरून नट फिरवा. काही गाड्यांत दोन बोल्टच्या जागी नकलची पकड असते, तिथे फट रुंद करावी लागते, हातोड्याने ठोकत बसू नका.

बोल्ट निघाले की नकल बाहेरच्या बाजूला कलंडतो. त्याला तारेने बांधून ठेवा, नाहीतर ब्रेक होज ताणला जातो आणि ड्राइव्हशाफ्टचा आतला जॉइंट सुटू शकतो. वर टॉवरचे दोन-तीन नट असतात (काही गाड्यांत वायपरखालचं प्लास्टिक काढल्याशिवाय पोचता येत नाही), माउंटची दिशा खुणेने टिपून ठेवा आणि शेवटचा नट काढताना एका हाताने स्ट्रट खालून धरा, तो चांगला जड असतो.

स्ट्रट आता जमिनीवर. कॉम्प्रेसरचे दोन आकडे (हुक) समोरासमोर लावा, जास्तीत जास्त वेढे पकडतील असे, आणि स्प्रिंगवरून घसरत नाहीयेत ना ते बघा. थोडं इकडे, थोडं तिकडे असं आलटून पालटून आवळा, एकाच बाजूला आवळलं की स्प्रिंग वाकडी होऊन आकडा निसटतो. इम्पॅक्ट गन कॉम्प्रेसरच्या स्क्रूवर लावू नका, आटे जातात. चष्मा घाला, स्ट्रटचं डोकं स्वतःकडे किंवा कुणाकडेही नको. स्प्रिंग सीटमध्ये हाताने हलायला लागली की पुरे, त्याहून जास्त दाबायची गरज नाही. कॉम्प्रेसर झिजलेला वाटला किंवा हात कचरला तर इथे थांबा आणि काढलेला स्ट्रट गॅरेजमध्ये नेऊन तेवढं बेअरिंग बदलून घ्या, तिथे भिंतीला लावलेलं मोठं मशीन असतं. अर्धं काम तुम्ही केलेलंच आहे.

मधला नट सोडताना रॉडच्या टोकातल्या खाचेत एलन की घालून रॉड धरा. पक्कडीने रॉड धरायचा नाही, त्यावर ओरखडा पडला की तो ऑइल सील कापतो आणि थोड्याच दिवसांत शॉकअब्जॉर्बर गळायला लागतो. सुटे भाग निघतील त्याच क्रमाने कापडावर मांडा आणि फोटो काढा. जुनं बेअरिंग हातात घेऊन फिरवा, खरखर असेल, गंजाचं लाल पाणी निघेल, पण हातात गुळगुळीत फिरलं तरी गाडीखाली उडी जाणवली होती ना, मग ते बदलाच, हाताचा जोर आणि गाडीचं वजन यात फार फरक आहे. याच वेळी बंप स्टॉप (रॉडवरचा रबरी ठोकळा), धूळ अडवणारं रबरी बूट, रॉडजवळ तेलाचा ओघळ, हे सगळं बघून घ्या.

नवीन बेअरिंगची वरची आणि खालची बाजू वेगळी असते, खूण किंवा जुन्याचा फोटो बघूनच ठेवा, उलटं बसलं तर ते पहिल्या दिवसापासून अडकतं. सीलबंद असेल तर ग्रीस लावायची गरज नाही, आणि माउंटच्या रबरावर तर ग्रीस नकोच. स्प्रिंगचं खालचं टोक सीटच्या पायरीला टेकलं पाहिजे, वरच्या सीटची खूण मूळ दिशेत. नवा नट मॅन्युअलच्या टॉर्कवर आवळा, मग कॉम्प्रेसर परत आलटून पालटून सैल करा आणि स्प्रिंग जागेवरून सरकली नाही ना ते बघत राहा.

बसवताना उलटा क्रम: आधी टॉवरचे नट हाताने, मग नकलचे बोल्ट खुणांवर जुळवून, मग सगळे टॉर्क रेंचने. टॉवरचे नट बरेचदा लहान असतात, लांब दांड्याने आवळले की स्टड तुटतो. चाक लावण्याआधी स्टेअरिंग दोन्ही टोकांपर्यंत फिरवून होज आणि वायर कुठे ताणत किंवा घासत नाहीत ना ते बघा.

गाडी खाली उतरली की बोटांची तीच परीक्षा पुन्हा घ्या. आवाज राहिलाच तर स्प्रिंगचं टोक सीटच्या पायरीवर चढलंय का आणि बेअरिंग उलटं गेलंय का, या दोन गोष्टी पहिल्या बघा. खुणा कितीही नीट जुळल्या तरी अलाइनमेंट करून घ्याच, कारण बोल्टच्या भोकातली जराशी सैल जागासुद्धा कॅम्बर बदलते आणि मग टायर एका कडेने झिजतो. आणि टॉवरवरची टोपी हरवलेली असेल तर नवीन बसवा.