काल्पनिक जगाचं पंचांग बनवताय? या चुका टाळा

राज्याचा नकाशा आणि राजघराणी ठरली की बहुतेक जण थेट महिन्यांची नावं जुळवायला बसतात. नावं सगळ्यात शेवटी. आधी तीन आकडे कागदावर घ्या: वर्षाचे दिवस, एका पौर्णिमेपासून दुसरीपर्यंतचे दिवस आणि आठवड्याचे दिवस. हे आकडे एकमेकांत नीट बसणार नाहीत, आणि बसू नयेतच.

उरलेले दिवस झाकणं

360 दिवसांचं वर्ष, 30 दिवसांचे 12 महिने, दर पंधराला पौर्णिमा. हा घोळ सगळ्यात जास्त दिसतो. सगळं नि:शेष भागलं की अधिक महिना उरत नाही आणि जोशीबुवांना कामही उरत नाही. आपल्याकडे चांद्रमास सरासरी 29.53 दिवसांचा, बारा मिळून 354.37. सौरवर्षाच्या तुलनेत जवळपास 11 दिवस कमी पडतात, म्हणून साधारण साडेबत्तीस महिन्यांनी अधिक मास येतो. 19 वर्षांत 7 वेळा.

तुमच्या जगासाठी हाच हिशेब मांडा. समजा वर्ष 388 दिवसांचं आणि चांद्रमास 31 दिवसांचा. बारा महिन्यांचे 372, म्हणजे दरसाल 16 दिवसांची तूट. दोन वर्षांत 32 झाली, एक अधिक महिना टाकला, तरी 1 दिवस शिल्लकच. 62 वर्षांत या शिल्लकीचे 31 दिवस होतात आणि आणखी एक जादा महिना घालावा लागतो. साठ-बासष्ट वर्षांनी एकदाच येणारा महिना! त्यात लग्नं होतात का, व्याज धरतात का, शिक्षा मोजतात का? कथानक इथेच सापडतं.

इथे आणखी एक चूक होते. चंद्राची ताऱ्यांच्या संदर्भातली फेरी (आपली 27.32 दिवसांची) हाच महिना धरला जातो. तेवढ्या काळात ग्रह सूर्याभोवती पुढे सरकलेला असतो, म्हणून पौर्णिमा उशिरा येते. फेरी गुणिले वर्ष, भागिले वर्ष वजा फेरी, हे सूत्र वापरा. आपले आकडे घातलेत की 29.53 मिळतात. चंद्राची फेरी ग्रहाच्या सूर्याभोवती फिरण्याच्या दिशेलाच आहे, असं यात गृहीत धरलंय.

दोन चंद्र, पण हिशेब एकाचाच

20 आणि 30 दिवसांचे चंद्र घेतले तर दर 60 दिवसांनी दोन्ही एकदम पूर्ण दिसतात. त्याला ‘शतकातून एकदा येणारी महारात्र’ म्हणता येत नाही. दुर्मीळ योग हवा असेल तर सामाईक विभाजक नसलेले आकडे घ्या. 29 आणि 37 घेतले तर जोडपौर्णिमा 1,073 दिवसांनी येते. मधल्या काळात दर 134 दिवसांनी दोघे आकाशात एकत्र येतात, पण वेगवेगळ्या कलेत. आठव्या भेटीला पुन्हा पौर्णिमा.

चंद्र भलत्याच वेळी उगवणं

मध्यरात्री डोक्यावर चंद्रकोर, हे वाक्य लगेच काढून टाका. शुद्ध तृतीयेची कोर सूर्यास्तानंतर दोनेक तासांत मावळते, पौर्णिमेचा चंद्र सूर्य मावळताना उगवतो, वद्य अष्टमीचा मध्यरात्रीच्या सुमारास. प्रवासातही हेच होतं. साताऱ्याहून सांगलीला बैलगाडीने निघालात, दिवसाला पंचवीसेक किलोमीटर धरले तर पाच दिवस लागतील. पौर्णिमेला निघालेला नायक पोहोचतो तेव्हा चंद्र दीड प्रहर रात्र उलटल्याशिवाय उगवत नसतो.

अख्ख्या खंडाला एकच पेरणी

सातारा जिल्ह्यातच बघा: महाबळेश्वर पावसात बुडालेलं असतं तेव्हा माण-खटाव आभाळाकडे बघत असतं. मग तुमच्या सात राज्यांत ‘पावसाचा महिना’ एकच कसा? पिकांनाही वर्षाची चौकट मानवत नाही. आडसाली ऊस जुलै-ऑगस्टमध्ये लागतो आणि सोळा-अठरा महिन्यांनी तुटतो. शेतकरी पाऊस मृग, आर्द्रा अशा साधारण साडेतेरा दिवसांच्या नक्षत्रांनी मोजतो, जत्रा तिथीने भरते, सरकार तारखेने चालतं. तुमच्या जगातही किमान दोन गणना शेजारी शेजारी चालू द्या.

वर्ष कधी बदलतं, हे न ठरवणं

फेब्रुवारी 1675 घ्या. शालिवाहन शक 1596, राज्याभिषेक शक 1, सुहूर सन (मराठेशाहीच्या कागदपत्रांतली एक कालगणना) 1075. पहिला गुढीपाडव्याला बदलतो, दुसरा ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशीला, तिसरा सूर्य मृगात शिरला की. शालिवाहन शक काढायला इसवी सनातून सरसकट 78 वजा करणारा इथे एका वर्षाने चुकतो, कारण जानेवारी ते पाडवा 79 वजा करावे लागतात. तुमच्या प्रत्येक शकाचा पहिला दिवस लिहून ठेवा. पहिलं वर्ष 1 की 0, तेही.

आठवड्याचं थोडक्यात: वरच्या उदाहरणातल्या बारा महिन्यांच्या 372 दिवसांना 6 ने पूर्ण भाग जातो, म्हणून सहा वारांचा आठवडा घेतलात तर साध्या वर्षात तारखेचा वार हलतच नाही. सात घ्या, एक वार सरकेल. वयही तपासा. 388 दिवसांच्या वर्षात सोळाची मुलगी आपल्या हिशेबाने जवळपास सतरा पूर्ण केलेली असते.

घोळ झालाच असेल तर

स्प्रेडशीट उघडा. कथेच्या पहिल्या दिवसाला 1 क्रमांक द्या आणि प्रत्येक प्रसंगासमोर सलग दिवसक्रमांक लिहा. त्यातून पहिल्या पौर्णिमेचा क्रमांक वजा करून 31 ने (वरच्या उदाहरणातला चांद्रमास) भागा. बाकी 0 म्हणजे पौर्णिमा, 15-16 म्हणजे अमावास्या. महिना, वार, ऋतू याच क्रमांकावरून काढा, आठवणीवरून नको. जे प्रसंग जुळत नाहीत त्यांत आधी प्रवासाचे दिवस वाढवून बघा, सणाला हात शेवटी लावा.

पहिला भाग छापून गेला असेल आणि सण महिनाभर चुकला असेल, तर दोन पंचांगं करून टाका. टिळक पंचांग पाळणाऱ्यांचा अयनांश (राशिचक्र कुठून सुरू धरायचं याचा कोन) वेगळा असल्याने अधिक मास कधी कधी वेगळा पडतो आणि तेव्हा त्यांचे गणपती शेजाऱ्यांच्या महिनाभर आधी बसतात. तुमच्या राजधानीत आणि डोंगरातल्या मठातही तसंच असू शकतं. फक्त कुठलं पात्र कुठलं पंचांग मानतं, याचा रकाना त्याच स्प्रेडशीटमध्ये वाढवा.