पिको-फॉल करणाऱ्या पोरीची फिल्म कशी करावी

लातूरला 2016 च्या दुष्काळात मिरजेहून रेल्वेनं पाणी आलं. तेव्हापासून मराठवाड्यात कॅमेरा आला की आधी भेगाळलेली जमीन शोधतो. कुणा तरुण मुलीच्या रोजच्या जगण्यावर फिल्म करायची असेल, तर ते सोडा आणि तिच्या हाताकडं बघा. मी जिच्यावर केली ती औसा तालुक्यातली, कॉलेज करून घरी पिको-फॉल करणारी.

परवानगी आधी तिची, मग घरच्यांची. आजी विचारणारच, "कुठं दाखवायलीस गं हे?" खरं तेच सांगा. शूट केलेले चार तुकडे दाखवा. नको म्हणतील ते त्यांच्यासमोरच डिलीट करा.

मोबाइल चालतो. सेकंदाला 25 फ्रेम, शटर 1/50 सेकंद ठेवा. आपली वीज 50 हर्ट्झची, नाहीतर ट्यूबखाली चित्र फडफडतं. एक्स्पोजर, म्हणजे चित्राचा उजेड-अंधार, लॉक करा, फोन फ्लाइट मोडवर टाका. आणि खाली बसा. ती जमिनीवर बसून काम करत असताना उभ्यानं घेतलेला शॉट तिला उगाच बारकी करतो.

आता मुख्य गोष्ट: काम सुरू झालं की संपेपर्यंत कॅमेरा बंद करायचा नाही. साडी आली की ती फॉल भिजवून दोरीवर टाकते, पुढं धुतल्यावर आटू नये म्हणून. मग दोऱ्याची रिळं ओंजळीत घेऊन दारात येते. ट्यूबच्या उजेडात मोरपंखी निळाच दिसतो, म्हणून एकेक रीळ काठाला लावून उन्हात बघते. एक बाजूला ठेवते, दुसरं ठेवते, परत पहिलं उचलते. तिची सगळी पारख इथंच दिसते. क्लोजअपसाठी "परत कर ना" म्हणालात की ती तुमच्यासाठी करायला लागते. लाइट गेली तरी कॅमेरा चालू राहू द्या. मशीनची मोटर थांबल्यावर ती काय करते, तेही तिच्या दिवसातलंच आहे.

कुणी बोलत नसताना खोलीचा नुसता आवाज मिनिटभर घेऊन ठेवा, एडिटिंगला लागतो. दुःखी बासरी घालू नका.

पहिलं स्क्रीनिंग तिच्या एकटीसाठी करा. आमच्या फिल्ममध्ये उधारीच्या वहीचा छान शॉट होता. ती म्हणाली, "ताई, बायकांची नावं वाचायला येतात." तो काढला.