गेटवर धावून जाणारा रॉटवायलर: अंगणात काय बदल केले (माझा अनुभव)

आमचं घर कोल्हापुरात कळंब्याकडं, पुढं मोकळं अंगण आणि जाळीचं गेट. रॉटवायलर जातीचा नर कुत्रा 50 किलोच्या आसपास भरतो, आमचा पण तसाच, आणि गेटमधून दिसेल त्या गाडीवर, दूधवाल्यावर धावून जायचा. लोक म्हणायचे काय राखण करतोय, पण ती राखण न्हवं ओ, दूधवाला दूध घालून आपला जायचा आणि ह्याला वाटायचं मीच हाकलला, म्हणजे रोज सकाळी भुंकायची प्रॅक्टिसच.

मग गेटला खालनं छातीभर पत्रा मारून घेतला, बाहेरचं दिसणंच बंद. आणि गेटच्या आत थोड्या अंतरावर दुसरं बारकं गेट बसवलं, दोन्ही एकदम कधीच उघडायची नाहीत. लई कामाला आलं ते. बेल वाजली की पोर्चमधल्या चटईवर जाऊन बसायचं हे पण शिकवलं, आधी बायको नुसतीच बेल वाजवायची, तो बसला की चिकनचा तुकडा, नंतर ओळखीची माणसं, शेवटी अनोळखी. साखळीला कायम बांधू नका, कुत्रं जास्तच चिडकं होतं.

पोर्चची फरशी गुळगुळीत, घसरून खुब्यावर ताण येतो म्हणून गोठ्यातली रबरी मॅट टाकली. त्याचं खोपटं विटांवर उचललंय, आपल्याकडच्या पावसात दुसरा इलाज नाही. उंदरांच्या मुतातनं लेप्टो (लेप्टोस्पायरोसिस, जंतूंचा आजार) होतो, म्हणून खायचं भांडं रात्री आत, आणि त्याची लस दरवर्षी.