जलतरण सरावाचा तक्ता कसा वाचावा

उन्हाळ्याच्या शिबिरात पोहायला शिकलेली व्यक्ती नियमित सरावाकडे वळते, तेव्हा तिच्या हाती पहिल्यांदाच सरावाचा लेखी तक्ता येतो. सोलापुरात मार्कंडेय जलतरण तलावावर पोहणारा असो की एखाद्या क्लबच्या तलावावर, प्रशिक्षकाने मोबाइलवर पाठवलेला किंवा इंटरनेटवरून उतरवून घेतलेला हा तक्ता आकडे आणि इंग्रजी आद्याक्षरांनी इतका भरलेला असतो, की अनेक जण तो बाजूला ठेवून एकाच वेगाने या टोकाहून त्या टोकाला जात राहतात. दम वाढतो, पण वेग वर्षभर तिथेच राहतो. वास्तविक या तक्त्यातले एक चिन्ह नीट समजले, तर उरलेले बरेचसे सोपे होते आणि ते चिन्ह म्हणजे @.

‘४ × १०० फ्री @ २:२०’ ही ओळ घेऊ. पहिला आकडा आवर्तनांचा आणि दुसरा प्रत्येक आवर्तनातील अंतराचा, म्हणजे १०० मीटर फ्रीस्टाईल चार वेळा पोहायचे आहे. @ नंतरची वेळ पोहण्यासाठी लागणारी वेळ नाही आणि विश्रांतीचीही नाही, तर एका सुरुवातीपासून पुढच्या सुरुवातीपर्यंतची ती एकूण वेळ आहे. आपण १०० मीटर २:०५ मध्ये संपवले, तर भिंतीला धरून १५ सेकंद मिळतात. २:१२ लागले, तर आठच सेकंद मिळतात आणि २:२० ला पुन्हा निघावेच लागते. याउलट ‘४ × १०० फ्री + १५ से.’ असे लिहिलेले असेल, किंवा आरआय (रेस्ट इंटरव्हल, म्हणजे विश्रांतीची वेळ) या अक्षरांपुढे १५ असेल, तर कितीही वेळ लागला तरी विश्रांती १५ सेकंदांचीच राहते. पहिल्या पद्धतीत मंदावण्याची किंमत विश्रांतीतून वळती होते, त्यामुळे पोहणारा वेग राखायला शिकतो. दुसऱ्या पद्धतीत ते बंधन नसते, म्हणून तंत्राच्या सरावाला ती अधिक योग्य. या दोन ओळी एकच समजून पोहल्यास सरावाचा हेतूच बदलतो.

दुसऱ्यासाठी लिहिलेली @ ची वेळ जशीच्या तशी घेऊ नये. स्वतःची वेळ ठरवण्याचा एक विश्वासार्ह मार्ग क्रिटिकल स्विम स्पीड, म्हणजेच सीएसएस (बराच वेळ टिकवून ठेवता येणारा वेग), हा आहे. चांगले अंग मोकळे करून ४०० मीटर पूर्ण जोर लावून पोहावे, पुरेशी विश्रांती घेऊन २०० मीटर तसेच पोहावे आणि दोन्ही वेळा नोंदवाव्यात. समजा ४०० मीटरला ८:०० आणि २०० मीटरला ३:५० लागले, तर फरक ४:१० मिनिटांचा. त्याचा निम्मा २:०५ हा आपला १०० मीटरचा सीएसएस वेग. मुख्य सरावासाठी त्यात दहा ते वीस सेकंद मिळवले की @ ची योग्य वेळ हाती येते.

तलावाची लांबीही आधी विचारून घ्यावी. १०० मीटर म्हणजे ५० मीटरच्या तलावात दोन लांब्या आणि २५ मीटरच्या तलावात चार. वळणे जास्त आली की भिंतीचा रेटा जास्त मिळतो, म्हणून लहान तलावातली वेळ बहुधा कमी भरते. अमेरिकी तक्ते तर अनेकदा २५ यार्डांच्या, म्हणजे २२.८६ मीटरच्या तलावासाठी असतात. तिथली १०० यार्डांची १:३० ही वेळ आपल्या १०० मीटरला केवळ अंतराच्या हिशेबाने सुमारे १:३८ होते. याशिवाय स्पर्धेच्या नियमांत पाण्याचे तापमान २५ ते २८ अंश सेल्सिअस धरलेले असते. मे महिन्यात सोलापूरचा पारा चाळिशीपार जातो आणि उघड्या तलावाचे पाणी तापते, तेव्हा त्याच वेगाला हृदयाचे ठोके अधिक पडतात. अशा दिवसांत @ मध्ये पाच-दहा सेकंद वाढवणे हा शहाणपणाचाच भाग आहे.

वेग कसा बदलायचा हे सांगणाऱ्या तीन सूचनांची हमखास गल्लत होते. ‘डिसेंड १–४’ म्हणजे चार आवर्तनांत प्रत्येक वेळी लागणारी वेळ कमी करत न्यायची: २:१२, २:०९, २:०६, २:०३ अशी. उतरते ती वेळ, वेग चढतो. ‘बिल्ड’ मध्ये मात्र हा चढ एकाच आवर्तनाच्या आत असतो: ५० मीटर सावकाश सुरू करून शेवटच्या काही मीटरांत पूर्ण वेगाला पोहोचायचे. ‘निगेटिव्ह स्प्लिट’ मध्ये दुसरे अर्धे अंतर पहिल्या अर्ध्यापेक्षा कमी वेळात पोहायचे असते. तिन्हींमध्ये सुरुवातीला संयम लागतो, आणि नवशिक्यांना नेमका तोच जड जातो.

आद्याक्षरे पटकन पाहू. डब्ल्यूयू म्हणजे सुरुवातीचे वॉर्मअप आणि सीडी म्हणजे शेवटचे सावकाश पोहणे. के म्हणजे केवळ पायांचे काम, पी म्हणजे मांड्यांत पुलबॉय (पाय तरंगते ठेवणारा फोमचा ठोकळा) धरून केवळ हातांचे काम, डी म्हणजे तंत्राचा ड्रिल आणि ईझी म्हणजे अगदी निवांत. आयएम, म्हणजे एकाच व्यक्तीने चारही प्रकार पोहण्याची वैयक्तिक मिडले, यात बटरफ्लाय, बॅक, ब्रेस्ट, फ्री असा क्रम असतो. मिडले रिलेचा क्रम मात्र बॅकपासून सुरू होतो, कारण बॅकस्ट्रोकची सुरुवात पाण्यातूनच होते. ‘३/५/७ श्वास’ असे असेल, तर तितक्या हातांनंतर एकदा श्वास घ्यायचा. ही सूचना एकट्याने, जीवरक्षक नसताना कधीही पाळू नये आणि आधी जोरजोरात श्वास घेऊन तयारी तर मुळीच करू नये. त्याने पाण्याखाली पूर्वसूचनेशिवाय शुद्ध हरपू शकते.

आता पूर्ण तक्ता वाचू:

डब्ल्यूयू ३००
४ × ५० (२५ डी / २५ फ्री) + १५ से.
३ × (४ × १०० फ्री @ २:२०, डिसेंड १–४, १ × ५० ईझी + १:००)
२०० के
सीडी २००

कंसाबाहेरचा ३ हा आकडा कंसातल्या सगळ्याला लागू होतो, म्हणून मुख्य भाग ३ × ४५०, म्हणजे १३५० मीटरचा आणि एकूण सराव २२५० मीटरचा आहे. पाण्यात उतरण्यापूर्वी वेळेचाही हिशेब करावा. वर सांगितलेल्या वेगाच्या व्यक्तीला वॉर्मअपला साडेसात, ड्रिलला सहा, पायांच्या कामाला सात आणि शेवटच्या २०० मीटरला पाच मिनिटे लागतात. मुख्य भागाची एक फेरी साधारण साडेअकरा मिनिटांची. तीन फेऱ्या धरल्यास पूर्ण तास भरतो, आणि तासाच्या बॅचमध्ये आंघोळ व गर्दी धरता तो पुरत नाही. अशा वेळी @ ची वेळ कापू नये आणि सीडीही गाळू नये. एक फेरी कमी करून १८०० मीटरवर थांबावे. लेनमध्ये चार जण असतील, तर एकमेकांमागे पाच किंवा दहा सेकंदांनी निघावे आणि प्रत्येकाने आपली निघण्याची वेळ घड्याळावर लक्षात ठेवावी. तक्ता मोठ्या अक्षरांत कागदावर लिहून, प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून काठावर ठेवावा आणि प्रत्येक फेरीनंतर चौथ्या १०० मीटरची वेळ त्याच्याशेजारी नोंदवावी.